सरांचा पगार कोण देतं?

३ डिसेंबर २०२४ चा तो व्हिडिओ तुम्ही पाहिलाच असेल. शिवाजी पार्कवरचा मंच, खुर्चीत बसलेला विनोद कांबळी, त्याला भेटायला आलेला सचिन तेंडुलकर, आणि कांबळीने धरून ठेवलेला तो हात. दोन दिवस आपल्या सगळ्यांच्या मोबाइलवर तेवढंच होतं. कुणी रडणारे इमोजी टाकले, कुणी मैत्रीवर स्टेटस टाकलं, कुणी दारू आणि नशीब यावर प्रवचन दिलं. मीही तो पाच-सहा वेळा पाहिला.

आता एक सांगा. तो कार्यक्रम कशाचा होता?

मी हाच प्रश्न आमच्या पुंडलिकनगरातल्या पोरांना विचारला. मी त्यांना फुटबॉल शिकवतो. सकाळी साडेसहाला जमलेली बारा-चौदा पोरं. एक म्हणाला, "सचिनचा सत्कार होता ना, सर?" दुसरा म्हणाला, "कांबळीला मदत द्यायली होती." शेवटी एका पोराने डोकं खाजवत सांगितलं, "त्यांच्या सरांचं काहीतरी होतं वाटतं."

त्यांच्या सरांचंच होतं. रमाकांत आचरेकरांच्या स्मारकाचं अनावरण होतं, त्यांच्या जन्मदिवशी, त्यांच्याच मैदानावर. सगळ्या महाराष्ट्राने ती क्लिप पाहिली आणि ज्याच्यासाठी ती माणसं तिथे जमली होती, तो माणूसच कुणाच्या लक्षात राहिला नाही. पोरांना दोष देत नाही. तुम्हाला तुमच्या शाळेतल्या पी.टी.च्या सरांचं आडनाव आठवतंय का? गणिताच्या सरांचं आठवेल.

शाल आणि खिडकी

दिवसा मी एका खासगी इंग्रजी शाळेत 'स्पोर्ट्स टीचर' असतो. शाळेचं नाव लिहीत नाही, कारण अशा शाळा शहरात एकच नाही आणि मला ही नोकरी अजून लागते. पगार आठ हजार, तोही दहा महिन्यांचा. मे महिन्यात मैदान बंद, म्हणजे आमचं पोटही बंद असावं असा हिशोब.

गेल्या गुरुपौर्णिमेला शाळेने मला मुलांसमोर आचरेकर सरांवर बोलायला सांगितलं. मी बोललो. शिवाजी पार्क, स्टंपवरचा रुपया, स्कूटर, सगळं सांगितलं. टाळ्या पडल्या. मग मला शाल आणि नारळ दिला आणि संस्थेच्या एका पदाधिकाऱ्यांनी माइक हातात घेऊन सांगितलं की असे निःस्वार्थ गुरू आता राहिले नाहीत, हल्लीचे शिक्षक आधी पगाराचं बोलतात.

कार्यक्रम संपल्यावर मी ऑफिसच्या खिडकीशी गेलो. दोन महिन्यांचा पगार थकला होता. क्लार्क भला माणूस. म्हणाला, "सर, अजून वरून सही झाली नाही. पुढच्या आठवड्यात बघू." शाल माझ्या खांद्यावर तशीच होती. घरी येताना कोपऱ्यावरच्या दुकानदाराने उधारीची वही काढली, शाल पाहिली आणि न बोलता वही परत आत ठेवली. त्या शालीचा मला झालेला तेवढाच फायदा.

त्या दिवसापासून माझ्या डोक्यात जे चाललंय ते इथे लिहितो. आपण आचरेकरांची एक गोष्ट बनवून ठेवली आहे: एक ऋषितुल्य गुरू, त्याने कधी पैशाकडे पाहिलं नाही, कानाखाली वाजवली, रुपया ठेवला आणि देव घडवला. ही गोष्ट ऐकायला गोड आहे. पण आज ती गोष्ट प्रशिक्षकांना पगार न देण्यासाठी वापरली जाते. माझं भांडण आचरेकरांशी नाही. या गोष्टीशी आहे.

एक सामना खेळलेला माणूस

आधी खरी माहिती. आचरेकर १९३२ साली मालवणकडे जन्मले. प्रथम श्रेणीचा एकच सामना त्यांच्या नावावर आहे, १९६३-६४ च्या मोसमात, मोईन-उद-दौला स्पर्धेत, स्टेट बँकेच्या संघाकडून हैदराबादमध्ये. बस्स. खेळाडू म्हणून नोंद तिथेच संपते.

मग दादरला शिवाजी पार्कवर कामत मेमोरियल क्लब, शारदाश्रम शाळेचा संघ आणि एकामागून एक पोरं. तेंडुलकर, कांबळी, प्रवीण आमरे, चंद्रकांत पंडित, लालचंद राजपूत, बलविंदरसिंग संधू, अजित आगरकर, समीर दिघे, संजय बांगर, रमेश पोवार. भारताकडून खेळलेल्यांचीच यादी एका संघाला पुरून उरेल. १९९० साली द्रोणाचार्य पुरस्कार, २०१० साली पद्मश्री. २ जानेवारी २०१९ रोजी ते गेले. अंत्यसंस्काराला शासकीय इतमाम नव्हता. नंतर एका मंत्र्यांनी संवादात काहीतरी राहून गेल्याचं सांगितलं.

या माणसाने नक्की केलं काय? आपण विचारतो तेव्हा उत्तर येतं ते थपडेचं. सचिन सराव सामना सोडून वानखेडेवर शाळेच्या मोठ्या संघाचा सामना बघायला गेला, सरांनी पकडलं आणि एक ठेवून दिली. दुसऱ्यांसाठी टाळ्या वाजवू नकोस, लोक तुझ्यासाठी टाळ्या वाजवतील असा खेळ. सचिनने ही गोष्ट स्वतः अनेकदा सांगितली आहे. तिचा परिणाम असा की आज गल्लोगल्लीच्या अकादमीत पोरांना बॅटने फोडून काढणारा माणूस शेवटी म्हणतो, "आचरेकरांनी पण मारलं होतं."

पण त्या गोष्टीत थप्पड हा बिनमहत्त्वाचा भाग आहे. महत्त्वाचं हे की त्या दिवशी त्या पोरासाठी सरांनी दुसरीकडे सामना ठरवून ठेवला होता. आचरेकरांची पद्धत ती होती: सामने. नेटमध्ये तासन्‌तास उभं करण्याऐवजी पोराला सामन्यात उतरवायचं. सचिनने आत्मचरित्रात लिहिलंय की सुरुवातीच्या उन्हाळ्यात साठ दिवसांच्या सुट्टीत तो पंचावन्न सराव सामने खेळला. एका मैदानावर बाद झाला की सर त्याला स्कूटरवर बसवून दुसऱ्या मैदानावर नेत, तिथे पुन्हा फलंदाजीला पाठवत. दिवस संपताना पोरगा थकला की स्टंपवर एक रुपयाचं नाणं. जो बाद करेल त्याचं, नाही झाला तर सचिनचं. सचिनने अशी तेरा नाणी जमवली.

आता मी, फुटबॉलचा एक फुटकळ प्रशिक्षक, हे वाचतो तेव्हा मला स्कूटर दिसत नाही. मला नियोजन दिसतं. पंचावन्न सामने म्हणजे पंचावन्न वेळा समोरचा संघ ठरवणं, मैदान मिळवणं, अकरा पोरं जमवणं, कोण कितव्या क्रमांकावर खेळेल हे डोक्यात ठेवणं. हे रोज करायला माणूस लागतो आणि त्या माणसाचं घर चालावं लागतं.

मग घर कसं चाललं?

हा प्रश्न गुरुपौर्णिमेच्या भाषणात कुणी विचारत नाही. उत्तर मात्र त्यांच्या एकमेव सामन्याच्या धावफलकावरच आहे. तो सामना ते स्टेट बँकेकडून खेळले. आचरेकर स्टेट बँकेत नोकरीला होते.

मुंबईचं क्रिकेट 'मातीतून' वगैरे उगवलं असं आपण लिहितो. ते उगवलं बऱ्याच अंशी कचेऱ्यांच्या पगारपत्रकातून. टाइम्स शील्ड ही कचेऱ्यांची स्पर्धा. स्टेट बँक, टाटा, मफतलाल, निरलॉन, एसीसी, रेल्वे. अजित वाडेकर स्टेट बँकेत होते, सुनील गावसकर निरलॉनमध्ये. भारताचे कर्णधार ऑफिसच्या हजेरीपटावर होते. या कंपन्यांनी खेळणाऱ्या माणसाला महिन्याच्या महिन्याला पगार दिला, दुपारी मैदानावर जायला सूट दिली, आणि खेळणं संपल्यावरही त्याची नोकरी राहिली. त्या नोकरीच्या जोरावर माणूस संध्याकाळी पोरांना शिकवू शकला.

आचरेकरांचे शिष्य सांगतात की ज्यांच्याकडे पैसे नव्हते त्यांच्याकडून सर पैसे घेत नसत. मी ते पूर्ण मानतो. कांबळी कांजूरमार्गच्या चाळीतून यायचा. सचिनचे वडील प्राध्यापक आणि कवी. दोघंही एकाच नेटमध्ये उभे राहिले आणि कुणाला किती चेंडू मिळायचे हे बापाच्या खिशावर ठरलं नाही. पण हे शक्य झालं कारण सरांच्या घरात गहू-तांदूळ आणायला पोरांची फी लागत नव्हती. त्यांचा मोठेपणा यात आहे की मिळालेला वेळ त्यांनी कॅरम खेळण्यात घालवला नाही. तरी तो वेळ कुणीतरी विकत घेऊन दिला होता. आपण त्या माणसाचा फोटो लावतो आणि पगाराची स्लिप फाडून टाकतो.

पोरांना मॅनेजर माहीत आहेत

गंमत अशी की माझ्याकडे येणाऱ्या पोरांना आचरेकर धड माहीत नसले तरी गार्डिओला माहीत आहे. क्लॉप, अँचेलोटी, मोरिन्यो माहीत आहे. गजानन महाराज मंदिराच्या रस्त्यावर चहाच्या टपरीशी उभी राहून नववीतली पोरं गार्डिओलाने कुणाला बेंचवर बसवलं यावर भांडतात. फुटबॉलमध्ये मैदानाबाहेर उभा राहणारा माणूस एवढा मोठा का झाला?

कारण शंभर वर्षांपूर्वी तिकडे कुणीतरी त्याला नोकरीवर ठेवलं.

हर्बर्ट चॅपमन. जन्म १८७८, यॉर्कशायरमधल्या किव्हटन पार्क नावाच्या कोळसा खाणीच्या गावात, खाण कामगाराच्या घरी. खाणकामाचं शिक्षण घेतलं आणि सोबत फुटबॉल खेळला. ग्रिम्स्बी, स्विंडन, नॉर्थम्प्टन, शेफील्ड युनायटेड, नॉट्स काउंटी, टॉटनहॅम. क्लबांची यादी लांब, कामगिरी बेताची. त्याचा धाकटा भाऊ हॅरी त्याच्याहून चांगला खेळाडू, शेफील्ड वेन्सडेकडून लीग जिंकलेला. १९०७ साली नॉर्थम्प्टनने या बेताच्या खेळाडूला खेळाडू-व्यवस्थापक केलं. दोन मोसमांत त्याने सदर्न लीग जिंकून दाखवली.

तेव्हा इंग्लंडमध्ये संघ निवडायचे क्लबचे संचालक. म्हणजे आपल्याकडच्या संस्थेच्या पदाधिकाऱ्यांसारखे लोक. शनिवारी कोण खेळेल हे कापडाचा किंवा मटणाचा व्यापारी ठरवायचा. चॅपमनने हा कारभार आपल्या हातात घेतला. निवड, डावपेच, सराव, सगळं एका जबाबदार माणसाकडे. १९२५ साली ऑफसाइडचा नियम बदलला, तेव्हा मधल्या हाफबॅकला मागे ओढून त्याने जी रचना बसवली ती पुढे 'डब्ल्यू-एम' म्हणून जगभर गेली. हडर्सफील्डला १९२२ मध्ये एफए कप, १९२४ आणि १९२५ मध्ये लीग. आर्सेनलला १९३० मध्ये कप, १९३१ आणि १९३३ मध्ये लीग. दोन्हीकडे तो गेल्यावरही संघ जिंकत राहिला आणि दोन्ही क्लबांची लागोपाठ तीन विजेतेपदांची मालिका पूर्ण झाली. हा मला त्याच्याबद्दलचा सगळ्यात मोठा पुरावा वाटतो. माणूस नसतानाही त्याचं काम चालत राहिलं. १९३४ च्या जानेवारीत, अंगात सर्दी असताना थंडीत तो क्लबच्या तिसऱ्या संघाचा सामना बघायला गेला, न्यूमोनिया झाला आणि ६ तारखेला गेला. पहिल्या नाही, तिसऱ्या संघाचा सामना. प्रशिक्षक म्हणजे काय ते एवढ्यात कळावं.

पण चॅपमनला मी देवघरात बसवत नाहीये. १९१९ साली लीड्स सिटी या त्याच्या क्लबवर खेळाडूंना बेकायदा पैसे दिल्याचा आरोप झाला, क्लबने हिशोबाची वही दाखवली नाही, क्लब लीगमधून हाकलला गेला आणि चॅपमनवर बंदी आली. युद्धाच्या काळात आपण दारूगोळ्याच्या कारखान्यात कामाला होतो या मुद्द्यावर तो त्यातून सुटला. संत वगैरे नव्हता. त्याला संत असावं लागलं नाही, हाच मुद्दा आहे. १९२५ साली आर्सेनलने वर्तमानपत्रात व्यवस्थापक पाहिजे अशी जाहिरात दिली. चॅपमनला वर्षाला दोन हजार पौंड पगार ठरला. त्या काळी खेळाडूचा जास्तीत जास्त पगार आठवड्याला आठ पौंड होता, म्हणजे वर्षाला चारशेच्याही आत. खेळाडूंवर तो अन्यायच होता, ते वेगळं भांडण. पण बघा, जाहिरात, अर्ज, पगार, अधिकार. आणि यश नाही आलं तर हकालपट्टी. तिथे प्रशिक्षकाचं पद तयार झालं. आपल्याकडे नुसता आदर तयार झाला.

पिठाचं पाणी

आदर म्हटलं की द्रोणाचार्य आलेच. आपल्याकडे खेळाडूंसाठी अर्जुन पुरस्कार सुरू झाला १९६१ साली. प्रशिक्षकांसाठी द्रोणाचार्य पुरस्कार १९८५ साली. अर्जुनाला शिकवणारा कुणीतरी असेल हे लक्षात यायला देशाला चोवीस वर्षं लागली.

पण नाव ठेवताना महाभारत नीट वाचलं असतं तर बरं झालं असतं. द्रोण शिकवायला का लागले? घरात दूध नव्हतं म्हणून. अश्वत्थामा इतर पोरांना दूध पिताना बघून रडला आणि त्याला पाण्यात पीठ कालवून दूध म्हणून दिलं गेलं. पोरगं ते पिऊन आनंदाने नाचलं. त्या अपमानाने द्रोण जुन्या मित्राच्या, द्रुपदाच्या दारात गेले, तिथे आणखी अपमान झाला, आणि शेवटी हस्तिनापुरात भीष्मांनी त्यांना भरलेलं घर आणि काम दिलं. भारतातल्या सगळ्यात प्रसिद्ध गुरूची गोष्ट थकलेल्या संसारापासून सुरू होते. ते आपण पुरस्काराच्या स्मृतिचिन्हावर कोरत नाही.

आणि याच गोष्टीचा दुसरा भाग एकलव्य. राजवाडा पगार देतो तेव्हा राजवाड्याचीच पोरं शिकतात, आणि बाहेरच्या पोराने शिकून दाखवलं तर त्याचा अंगठा जातो. द्रोणांना माफ करा असं मी म्हणत नाही. मी म्हणतोय की गुरूला पैसे कोण देतं यावर शिष्य कोण हे ठरतं.

हे मला एका सातवीतल्या पोराने शिकवलं. आमच्याकडे पाण्याची पाळी कैक दिवसांनी येते. पाणी सुटायच्या दिवशी निम्मी पोरं मैदानावर नसतात, घरी ड्रम भरत असतात. अशाच एका सकाळी चारच पोरं आली होती. बॉलवर बसल्या बसल्या एकाने विचारलं, "सर, तुम्हाला इथला पगार कोण देतं?" मी म्हटलं, कुणीच नाही. तो म्हणाला, "मग तुम्ही कशाला येऊ राहिले?"

मी हसलो. पण प्रश्न बरोबर होता आणि माझ्याकडे धड उत्तर नव्हतं. आवडतं म्हणून येतो, हे उत्तर अजून चार-पाच वर्षं टिकेल. माझं पोरगं मोठं होईल, त्याची फी वाढेल आणि मग मी सकाळचा हा दीड तास शहराच्या दुसऱ्या टोकाला, महिन्याला दोन-तीन हजार घेणाऱ्या अकादमीत विकेन. तिथे हिरवं कृत्रिम गवत असेल, पोरांच्या पायात महागडे बूट असतील आणि मी तिथेही मनापासून शिकवेन. पण हे पोर तिथे नसेल. त्याचा अंगठा कुणी मागितला नाही. फक्त त्याचे सर दुसरीकडे कामाला लागले.

कायद्यातला 'अंशकालीन'

तुम्ही म्हणाल, हे काम शाळेचं आहे. बरोबर. शाळेचंच आहे. २००९ चा शिक्षण हक्क कायदा उघडा. त्याच्या परिशिष्टात शाळेला काय काय हवं याची यादी आहे. त्यात मैदान आहे. खेळाचं साहित्य आहे. आणि सहावी ते आठवीसाठी, पट शंभरच्या वर असेल तर, कला, आरोग्य व शारीरिक शिक्षण आणि कार्यशिक्षण यांसाठी निदेशक आहेत. पण कोणते? अंशकालीन. भाषा, गणित-विज्ञान आणि सामाजिक शास्त्र यांना शिक्षक, खेळाला अर्धवेळ निदेशक. पट शंभरच्या खाली असेल तर तेवढंही बंधन नाही. म्हणजे देशाच्या कायद्यानेच सांगून टाकलं की हा माणूस अर्धा आहे.

आणि तो अर्धा माणूसही बऱ्याच ठिकाणी दिसत नाही. पी.टी.च्या तासाला पोर्शन राहिला म्हणून गणिताचे सर येतात. मैदानावर स्नेहसंमेलनाचा मांडव पडतो किंवा स्कूल बस उभ्या राहतात. आमच्या भागापासून गारखेड्याचं विभागीय क्रीडा संकुल सायकलच्या अंतरावर आहे. विद्यापीठाच्या आवारात भारतीय क्रीडा प्राधिकरणाचं केंद्र आहे. शहरात आमखास मैदान आहे, गरवारे स्टेडियम आहे. काँक्रीट आपल्याला बांधता येतं. त्याचं भूमिपूजन करता येतं, त्यावर फलक लावता येतो. गल्लीतल्या पोराला हाताला धरून त्या संकुलाच्या दारापर्यंत नेणारा माणूस मात्र बजेटमध्ये बसत नाही. कारण त्याचं भूमिपूजन होत नाही.

आता आक्षेप. पहिला मी सतत ऐकतो: पगार आला की निष्ठा जाते. बरं. मग डॉक्टरांचा, जिल्हाधिकाऱ्यांचा, आमदारांचा पगार बंद करून त्यांची निष्ठा वाढवून बघू. ते करायला कुणी तयार नसतं. पैशाने निष्ठा बिघडते हा नियम फक्त ज्यांना कमी द्यायचंय त्यांनाच लागतो. अंगणवाडी ताई, आशा ताई, पी.टी.चे सर.

दुसरा आक्षेप जास्त खरा आहे. पगारी क्रीडा शिक्षक असतात, पण त्यातले कित्येक शिट्टी वाजवून खुर्चीत बसतात. हो, बसतात. मी पाहिलेत. म्हणूनच चॅपमनची पूर्ण गोष्ट सांगितली. पगारासोबत अधिकार आणि अधिकारासोबत हिशोब. वर्षाला किती पोरं मैदानावर आली, किती सामने खेळली, हे विचारा की. पंचावन्न नको, वीस सामने तरी दाखवा म्हणा. ज्याला पगार देता त्यालाच हे विचारता येतं. ज्याला शाल दिली त्याला काय विचारणार?

सरांची खरी पुण्याई

आचरेकरांचं खरं स्मारक बघायचं असेल तर त्यांच्या शिष्यांतले प्रशिक्षक बघा. चंद्रकांत पंडित. १९९९ साली मध्य प्रदेशचा कर्णधार म्हणून बंगळुरूला रणजीची फायनल हरला. मग प्रशिक्षक झाला, विदर्भाला लागोपाठ दोनदा रणजी जिंकून दिली, आणि २०२२ साली त्याच बंगळुरूच्या मैदानावर मध्य प्रदेशला जिंकवलं, तेही मुंबईला हरवून.

आणि अमोल मुझुमदार. १९८८ साली आझाद मैदानावर तेंडुलकर-कांबळीने ६६४ धावांची भागीदारी केली, तेव्हा पुढचा फलंदाज म्हणून पॅड बांधून बसलेला पोरगा. त्याची पाळी आलीच नाही. पुढे प्रथम श्रेणीत अकरा हजारांवर धावा केल्या, तरी भारताच्या संघातही पाळी आली नाही. २०२३ मध्ये तो भारतीय महिला संघाचा मुख्य प्रशिक्षक झाला आणि २ नोव्हेंबर २०२५ च्या रात्री नवी मुंबईत हरमनप्रीतच्या संघाने विश्वचषक उचलला. एक सामना खेळलेल्या सरांचा, देशाकडून एकही सामना न खेळलेला शिष्य. त्या रात्री मी आमच्या गल्लीत फटाके वाजवणाऱ्या पोरींना बघत होतो. त्यातली एक दुसऱ्या दिवशी सकाळी आईला घेऊन मैदानावर आली.

पंडित काय, मुझुमदार काय, दोघंही पगारी प्रशिक्षक. करार असतो, जबाबदारी असते, हरले तर जावं लागतं. त्यांच्या निष्ठेला काही झालेलं दिसत नाही.

म्हणून माझं मागणं साधं आहे. महापालिकेने प्रत्येक वॉर्डात एक पगारी प्रशिक्षक नेमावा, मग मैदानाची कमान नंतर रंगवली तरी चालेल. शाळांनी क्रीडा शिक्षकाला बारा महिन्यांचा पगार द्यावा. कायद्यातला तो 'अंशकालीन' शब्द काढायला आमदार-खासदारांच्या मागे लागावं. आणि तुम्ही, जे हे मोबाइलवर वाचताय, ज्यांना कुणीतरी कधीतरी शिट्टी वाजवून पळायला लावलं होतं, त्यांनी एवढं करा: त्या माणसाला फोन लावा आणि सध्या काय चाललंय ते विचारा. उत्तर ऐकून घ्या. मग गुरुपौर्णिमेचं स्टेटस टाका किंवा टाकू नका.

सचिनने १६ नोव्हेंबर २०१३ ला वानखेडेवर निरोपाच्या भाषणात सांगितलं की सरांनी एकोणतीस वर्षांत त्याला कधी 'छान खेळलास' म्हटलं नाही, पोरगा हवेत जाईल म्हणून. आपण प्रशिक्षकांच्या बाबतीत नेमकं उलटं करतो. छान शिकवता म्हणतो आणि तेवढ्यावर भागवतो.

माझा थकलेला पगार पुढे दिवाळीच्या तोंडावर मिळाला, एक महिन्याचा. पुढच्या गुरुपौर्णिमेला बोलावलं तर मी जाणार आहे. आचरेकर सरांवरच बोलणार आहे, आणि सुरुवात स्टेट बँकेपासून करणार आहे. शाल परत देणार नाही. डिसेंबरात सकाळी साडेसहाला मैदानावर थंडी असते, ती कामाला येते.